वांगारी माथाई आणि तो "राजकारणात न पडलेली आजी" वाला फॉरवर्ड

दरवर्षी 5 जून आला की व्हॉट्सॲपवर एक फॉरवर्ड फिरायला लागतो, यंदा तर तीन वेगळ्या ग्रुपवर आला. थोडक्यात मजकूर असा: केनियातल्या खेड्यातल्या एका अडाणी शेतकरी बाईनं एकटीनं 5 कोटी झाडं लावली, सरकार तिच्या पाठीशी खंबीर उभं राहिलं, राजकारणाच्या वाटेला ती कधी गेली नाही, आणि म्हणूनच ती नोबेल मिळवणारी पहिली आफ्रिकन महिला ठरली. खाली टोमणा, "नाहीतर आपले आंदोलनजीवी!"

बाई म्हणजे वांगारी माथाई. केनिया आणि झाडं सोडली तर या फॉरवर्डमधलं जवळपास काहीच बरोबर नाही, म्हणून एकदाच बसून लिहितोय.

अडाणी? जन्म खेड्यातला खरा, 1940 साली, मध्य केनियात न्येरीजवळच्या इहिथे गावात. पण 1960 मध्ये केनियातली काही शे मुलंमुली शिष्यवृत्तीवर अमेरिकेला गेली त्यात ही होती. कॅन्सासमध्ये जीवशास्त्राची पदवी, पिट्सबर्गमधून मास्टर्स, मग जर्मनीत संशोधन आणि 1971 ला नैरोबीतून पीएचडी. पूर्व आणि मध्य आफ्रिकेत डॉक्टरेट मिळवणारी ती पहिली बाई. विषय जनावरांच्या शरीररचनेचा, पुढे नैरोबी विद्यापीठात त्याच विभागाची प्रमुख. आता यात अडाणी कुठून आलं देव जाणे. आफ्रिका, खेडं आणि बाई हे तीन शब्द एकत्र दिसले की आपण अंगठा गृहीतच धरतो.

एकटीनं 5 कोटी? जरा गुणाकार करून बघा राव. काम सुरू झालं 1977 ला, बाई गेल्या 2011 ला, म्हणजे 34 वर्षं रोज न चुकता 4 हजार झाडं लावायला लागतील. झालं असं की केनियाच्या राष्ट्रीय महिला परिषदेत खेड्यातल्या बायका सांगायच्या की सरपण मिळत नाही, पाणी लांब गेलंय, पोरांना खायला धड नाही. त्यावर बाई म्हणाल्या की मग झाडं लावूया. 5 जून 1977 ला नैरोबीच्या कामुकुंजी पार्कात 7 झाडं लावली, तिथून ग्रीन बेल्ट मूव्हमेंट उभी राहिली. रोपवाटिका बायकांच्या, बिया त्यांनीच आसपासच्या रानातून गोळा केलेल्या, आणि पैसे रोप लावल्याचे नाही, जगल्याचे. एका जगलेल्या रोपामागे साधारण 4 अमेरिकन सेंट. (आपल्याकडच्या वृक्षारोपणात हा एकच नियम लावला ना, तर निम्मे फोटोच निघणार नाहीत.) सुरुवातीला वनखात्याचे लोक शिकवायला यायचे आणि सगळं इतकं किचकट करून सांगायचे की बायकांनी शेवटी आपल्या अकलेनं, फुटक्या मडक्यांत रोपं वाढवायला घेतली. 5 कोटींचा आकडा हा या हजारो बायकांचा आहे. "एकटीनं" म्हटलं की त्या सगळ्या गायब.

पहिली आफ्रिकन महिला? शांततेच्या नोबेलपुरतं बरोबर, 2004 साली. नोबेल म्हणाल तर नादिन गॉर्डिमर यांना 1991 लाच साहित्याचं मिळालं होतं. पुढे.

आता सरकार पाठीशी उभं राहिलं म्हणे! इथे मात्र माझं डोकंच फिरलं. 1989 मध्ये राष्ट्राध्यक्ष डॅनियल अराप मोई यांच्या सत्ताधारी पक्षाला नैरोबीच्या उहुरू पार्कात, म्हणजे शहराच्या मधोमध असलेल्या सार्वजनिक बागेत, 60 मजली टॉवर बांधायचा होता, पक्षाच्या पेपरचं ऑफिस वगैरे आणि सोबत मोईसाहेबांचा पुतळा. बाईंनी पत्रांचा सपाटा लावला, इकडे मंत्र्यांना, तिकडे परदेशात, की कर्ज काढून बाग कशाला खाताय. त्यावर संसदेत खासदार त्यांच्या संघटनेला काय म्हणाले, तर घटस्फोटित बायकांचं टोळकं. कारण बाईंचा घटस्फोट झालेला, तोही असा की निकालानंतर एका मुलाखतीत न्यायाधीशांवर टीका केली म्हणून तुरुंगात जाऊन आल्या होत्या. खुद्द मोई त्याच पार्कातल्या भाषणात म्हणाले की विरोध करणाऱ्यांच्या डोक्यात किडे आहेत, आणि चांगल्या आफ्रिकन बाईनं पुरुषांचा मान राखून गप्प बसावं. संघटनेला सरकारी जागेतून हाकललं, मग ऑफिस बाईंच्या घरातच. पण परदेशी पैसेवाले बिचकले आणि टॉवर बारगळला.

मग 1992. राजकीय कैद्यांच्या आया, बऱ्याचशा म्हाताऱ्या, उहुरू पार्कच्या एका कोपऱ्यात उपोषणाला बसल्या आणि बाई त्यांच्यासोबत. मागणी एकच, आमची पोरं सोडा. 3 मार्चला पोलीस आले, अश्रुधूर, लाठ्या, बाई बेशुद्ध पडेपर्यंत मार. तेव्हा काही आयांनी पोलिसांसमोर अंगावरचे कपडे काढले. तिकडे आईच्या वयाच्या बाईनं असं करणं म्हणजे शाप देणं. पोलीस त्यांच्या पोरांच्याच वयाचे होते. पार्कातून हाकलल्यावर या बायका जवळच्या ऑल सेंट्स कॅथेड्रलमध्ये मुक्कामाला गेल्या आणि साधारण वर्षभर हलल्या नाहीत, हळूहळू जवळपास सगळे कैदी सुटले. त्या कोपऱ्याला आज फ्रीडम कॉर्नर म्हणतात. जानेवारी 1999 मध्ये करुरा जंगलाच्या जमिनी सत्तेतल्यांच्या माणसांना वाटल्या म्हणून तिथे रोप लावायला गेल्या तर गुंडांनी डोकं फोडलं, बाईंनी पोलीस ठाण्यात जाऊन तक्रारीवर सही केली ती स्वतःच्या रक्तानं. हे पाठीशी उभं राहणारं सरकार.

आणि राजकारणाच्या वाटेला गेली नाही हे तर कळसच. 1982 मध्येच पोटनिवडणुकीला उभं राहायचं म्हणून त्यांनी विद्यापीठाची नोकरी सोडली, मतदारयादीचं तांत्रिक कारण काढून अर्ज बाद झाला, आणि नोकरी परत मागितली तर विद्यापीठानं दार बंद केलं, राहतं घरही सोडायला लावलं. विद्यापीठाचे कुलपती कोण? मोईच. 1997 ला चक्क राष्ट्राध्यक्षपदाला उभ्या राहिल्या, सपाटून पडल्या. 2002 ला तेतू मतदारसंघातून 98 टक्के मतांनी खासदार, 2003 च्या जानेवारीत पर्यावरण खात्याच्या उपमंत्री, म्हणजे आपल्याकडचे राज्यमंत्री समजा. त्याच वर्षी स्वतःचा हरित पक्षही काढला. म्हणजे नोबेल जाहीर झालं तेव्हा बाई पदावर असलेल्या खासदार आणि मंत्री होत्या! समितीनं कारणही शाश्वत विकास, लोकशाही आणि शांतता असं दिलेलं, त्यातला मधला शब्द फॉरवर्डवाल्यानं गिळला. 2007 ला नोबेलसकट त्याच मतदारांनी पाडलं.

आरेतल्या झाडांसाठी आडव्या गेलेल्या पोरांना शिव्या घालणारेच लोक हा फॉरवर्ड स्टेटसला ठेवतात याची मला मौज वाटते. बाई आज मुंबईत असत्या तर त्यांना यांनी पहिलं आंदोलनजीवी म्हटलं असतं.

या फॉरवर्डवर हमखास एक उत्तर येतं, की ही तीच ना जी एड्स गोऱ्यांनी बनवला म्हणाली. तर हे हवेतलं नाही. ऑगस्ट 2004 मध्ये तिथल्या एका पेपरनं तसं छापलं, नोबेलनंतर विचारलं तेव्हाही बाईंनी गुळमुळीत उत्तरं दिली, आणि डिसेंबरमध्ये लेखी खुलासा केला की आफ्रिकनांना मारायला गोऱ्यांनी विषाणू बनवला असं मी म्हणत नाही आणि मानतही नाही. माझ्या मते खुलासा उशिरा आला, आणि उपमंत्री असलेल्या शास्त्रज्ञ बाईनं पहिल्याच दिवशी स्वच्छ बोलायला हवं होतं, तेही एड्सनं इतकी माणसं मरत असलेल्या देशात. यावर टीका करा की, खुशाल करा, फक्त खुलाशासकट.