हलली, हलली!

रिंग टेनिसचे, म्हणजे नेटवरून रिंग फेकायच्या-झेलायच्या खेळाचे, नियम सगळ्यांना तोंडपाठ असतात, पण कुणा दोघांचे जुळत मात्र नाहीत. प्रत्येकीला ते पीटीच्या बाईंनी शिकवलेले, आणि त्यावर शंका घेणं म्हणजे थेट बाईंनाच खोटं पाडणं.

आमच्या सोसायटीच्या सव्वीस जानेवारीच्या स्पर्धांत ही माहिती मला फुकट मिळाली. "वहिनी, तुम्ही शाळेच्या टीममध्ये होतात ना? मग अंपायर तुम्हीच," असं म्हणून सेक्रेटरींनी माझ्या हातात शिट्टी ठेवली आणि ते समोसे मोजायला निघून गेले.

कोर्ट लागतं ४० बाय १८ फुटांचं. पार्किंगमध्ये एवढी जागा आहे, फक्त तिच्यात कव्हर घातलेली एक गाडी आहे आणि तिचे मालक दुबईत आहेत. मग गाडी हीच उजवीकडची रेघ, असं ठरलं. नेटच्या दोन्ही अंगांना तीन-तीन फुटांचा पट्टा सोडायचा असतो, त्यात रिंग पडली की फेकणाऱ्याचा फाऊल. पट्टा आखता आखता खडू संपला, म्हणून उरलेला रांगोळीनं काढला. मग रांगोळीवर पाय कसा द्यायचा, म्हणून अर्ध्या जणी नेटजवळ आल्या की लंगडी घालायला लागल्या.

नेट बॅडमिंटनचं. "हे फारच खाली आहे. आमच्या शाळेत पुरुषभर उंच असायचं," बी विंगच्या काकू म्हणाल्या. आपल्याकडे उंच बांधतात हे खरंच. पण जर्मनीत नेट १.५५ मीटरच असतं, म्हणजे बॅडमिंटनएवढंच. आणि बोटीच्या डेकवरची ही रिंगफेक १९२० च्या दशकात जमिनीवर उतरवून तिला नियमात बसवलं तेही तिथल्याच कार्ल्सरूह शहरातल्या हेर्मान श्नायडर यांनी. हे सगळं मी एका दमात सांगितलं. काकूंनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "म्हणजे आमच्या खरे बाई खोट्या?"

श्नायडर तिथेच बाद झाले.

बाकीचे नियम तरी काय मोठे? रिंग एका हातानं झेलायची, अंगाला लागू द्यायची नाही. ज्या हातानं झेलली त्याच हातानं लगेच परत फेकायची. हूल द्यायची नाही, वरून खाली आपटायची नाही. यातल्या 'लगेच'चं काय करायचं ते मला शेवटपर्यंत कळलं नाही. तिसऱ्या मजल्यावरच्या मावशी रिंग झेलत, ती कमरेवर टेकवत आणि समोरच्या पार्टीला विचारत, "सूनबाईंचा रिझल्ट लागला का गं?" उत्तर द्यायला समोरच्यांनी तोंड उघडलं की रिंग रवाना. ही हूल आहे की चौकशी, याबद्दल नियम काही बोलत नाहीत.

एकदा रिंग त्यांच्या हातातून सुटून सरळ मनगटावर गेली आणि हिरव्या बांगड्यांच्या मागे जाऊन बसली. झेल धरावा की दागिना? एका बाजूनं "पॉइंट!" झाला, दुसरीनं "अंगाला लागली!" केलं. मावशी मात्र हात लांब करून रिंग कशी दिसते ते बघत होत्या. "पुन्हा टाका," मी म्हटलं. दोन्ही बाजू माझ्यावर नाराज झाल्या, तेव्हा निर्णय निःपक्षपाती असावा.

पण खरा वात आणला तो हलण्यानं. रिंग हवेत सपाट, गिरकी घेत गेली पाहिजे. डगमगत गेली तर फाऊल. आता डगमगणं हे बघणाऱ्याच्या डोळ्यात आणि त्याच्या विंगमध्ये असतं. ए विंगनं फेकली की बी विंग एका सुरात "हलली, हलली!" आणि बी विंगनं फेकली की गॅलरीतून आजीसुद्धा "हलली!" आजींचं मोतीबिंदूचं ऑपरेशन व्हायचंय. या खेळाची पहिली जागतिक स्पर्धा २००६ साली चेन्नईला झाली. तिथल्या अंपायरांना विंगा नव्हत्या, एवढंच त्यांचं नशीब.

२१ गुणांचा गेम, तीनपैकी दोन जिंकायचे. जर्मन लोक घड्याळ लावून दहा-दहा मिनिटांचे दोन डाव खेळतात, हे मी सुचवून पाहिलं. पण जर्मनीचं नाव काढायची आता सोय राहिली नव्हती.

तिसऱ्या गेममध्ये २०-१९ असताना बी विंगच्या काकूंनी रिंग फेकली, ती गाडीच्या कव्हरला घासल्यासारखी करून आत पडली आणि सगळे एकदम ओरडले. मी शिट्टी तोंडाला लावली, तेवढ्यात गेटवर त्याहून मोठा हॉर्न वाजला. पाण्याचा टँकर. ड्रायव्हर खाली उतरला, नेटकडे, रांगोळीकडे, मग आमच्याकडे बघत म्हणाला, "हलली की हो ताई. मी गेटातनं बघितली ना."

गॅलऱ्यांतून बादल्या वाजत होत्या. बी विंगनं मुकाट्यानं पॉइंट सोडला, आणि काकू स्वतः नेटची गाठ सोडायला धावल्या.