उजेड मोजणाऱ्याचं नाव

आज संध्याकाळी एका फिल्म क्लबमध्ये 'पॅरासाइट' हा कोरियन सिनेमा पुन्हा पाहिला. नंतर वक्ते तासभर बोलले. दिग्दर्शक बोंग जून-होंचं नाव पन्नासदा, छायाचित्रकार होंग क्युंग-प्यो यांचं एकदाही नाही. त्याआधी श्रेयनामावली सुरू होताच दिवे लावून मोकळे! घरी आले तरी डोकं तापलेलंच आहे.

२०२० मध्ये आईला घेऊन हा सिनेमा पाहिला होता. सुरुवातीलाच ते अर्धं जमिनीखालचं घर, एवढीशी खिडकी आणि तिथे वाळत घातलेले मोजे. आई कानात म्हणाली, "ऊन तिथेच येत असणार गं." डोंबिवलीच्या आमच्या तळमजल्याच्या खोलीत सकाळी अर्धा तास ऊन यायचं. माझा शाळेचा ओला फ्रॉक घेऊन ती त्या उन्हामागे सरकत राहायची. सबटायटल वाचायच्या आधी तिला ते घर कळलं होतं.

हे काम उजेडाचं. सिनेमातल्या श्रीमंतांच्या घराचा सेट कुठे उभारायचा हे सूर्याची दिशा बघून ठरवलं होतं. तिकडे भिंतभर काच, इकडे उन्हाची एक चिरी. हो, गोष्ट बोंगची आणि घरं कलादिग्दर्शकाची, मान्य. म्हणून कॅमेऱ्यामागच्या माणसाचं नावही घ्यायचं नाही?

ऑस्करनेही तेच केलं. सहा नामांकनं, चार पुरस्कार, पण छायाचित्रणाला साधं नामांकन नाही. त्या वर्षी जिंकलेले रॉजर डीकिन्स थोरच आहेत, त्यांच्याशी भांडण नाही.

आणि होंग काही काल आलेले नाहीत. २००४ चा 'तेगुकगी' हा युद्धपट त्यांचा. 'मदर' त्यांचा, आगगाडीच्या डब्यांत घडणारा 'स्नोपिअर्सर' त्यांचा, 'द वेलिंग'मधला तो पाऊस आणि डोंगर त्यांचे. जपानचे दिग्दर्शक कोरे-एदा २०२२ चा 'ब्रोकर' करायला कोरियात आले, तेव्हा कॅमेरा ह्यांच्याच हाती होता.

आणि दिग्दर्शक ली चांग-डोंग यांचा 'बर्निंग'! पाजूचं ते अंगण, पलीकडे उत्तर कोरियाची सीमा. दिवस बुडालाय, मुलगी नाचतेय आणि बघता बघता तिची नुसती काळी आकृती उरते. असा उजेड दिवसाला मोजकी मिनिटं मिळतो. तो हुकला की थेट उद्या. लिहिताना राग जरा उतरलाच. आईचा तो अर्धा तास आठवला. ढग आला की तीही फ्रॉक हातात धरून तशीच उभी राहायची.

आत्ता तिला फोन केला. सिनेमाचं नाव विसरलीय. म्हणाली, "तो मोज्यांचा ना?"