ट्रॉफीनं प्रेक्षक येत नाहीत हे कबूल, पण...

नमस्कार,

तुमची प्रतिक्रिया झोंबली, हे आधी सांगून टाकतो. ‘द ऑफिस’ या अमेरिकी विनोदी मालिकेच्या नायकाला, स्टीव्ह करेलला, एमी हा तिथला टीव्हीचा मोठा पुरस्कार मिळाला नाही, याबद्दलच्या माझ्या लेखाला तुम्ही ‘रडगाणं’ म्हणालात. वर विचारलंत, की ‘अरेस्टेड डेव्हलपमेंट’ला तर सर्वोत्कृष्ट विनोदी मालिकेचं एमी मिळालं होतं, तरी ती बंद पडलीच ना? मग पुरस्कारानं असा काय फरक पडतो? शिवाय तिचे दोन भाग पाहूनही हसू आलं नाही, असा शेवटचा चिमटा.

तुमचं उदाहरण माझ्याविरुद्ध इतकं नेमकं आहे, की मी ते लेखात टाळलंच होतं. 2003 च्या नोव्हेंबरात फॉक्स या अमेरिकी चॅनलवर ‘अरेस्टेड डेव्हलपमेंट’ सुरू झाली. 2004 मध्ये पहिल्याच सीझनला पाच एमी मिळाली, लेखन आणि दिग्दर्शनाची त्यातच आली. एवढी वाजतगाजत वरात निघाल्यावर घरात लक्ष्मी यायला हवी होती. झालं उलटंच. पहिला सीझन 22 भागांचा, दुसरा 18, तिसरा 13. आणि शेवटचे चार भाग 10 फेब्रुवारी 2006 ला एकाच रात्री उरकून टाकले, तेही तुरिनच्या हिवाळी ऑलिंपिकचं उद्घाटन दुसऱ्या चॅनलवर चालू असताना. घरातलं जुनं सामान पहाटे गुपचूप कचराकुंडीशी ठेवून यावं, तसं.

तेव्हा ट्रॉफीनं प्रेक्षक येत नाहीत, हे मान्य. पण तुम्ही तिथेच थांबता आणि माझं म्हणणं तिथून पुढे सुरू होतं. इतके कमी प्रेक्षक असलेल्या मालिकेला तिसरा सीझन मिळाला, तो कशाच्या जोरावर? माझ्या मते त्या एमींच्याच. चॅनलला मालिका नकोशी झाली होती, पण बक्षीस मिळवून आलेल्या पोराला लगेच घराबाहेर काढलं तर चारचौघांत बरं दिसत नाही. पुरस्कारानं तिला जी सवड मिळवून दिली, ती याच भिडेपोटी.

आणि या मालिकेला सवडच हवी होती. दुसऱ्या सीझनमध्ये बस्टर हा आईच्या पदराखालचा मुलगा एका बाकावर बसलेला दिसतो. बाकाच्या पाठीवर सैन्यभरतीची जाहिरात, ‘आर्मी ऑफिसर्स’. बस्टर असा बसलाय की काही अक्षरं त्याच्या पाठीमागे झाकली जातात आणि उरतं ‘आर्म ऑफ’, म्हणजे हात गेला. त्यावर कुणी काही बोलत नाही, कॅमेराही रेंगाळत नाही. त्याच भागाच्या शेवटी समुद्रातला सील त्याचा हात तोडून नेतो. पहिल्यांदा पाहताना मला तो बाक दिसलाही नव्हता. दुसऱ्या वेळी दिसला आणि रात्री दीड वाजता एकटाच खो खो हसत सुटलो. रूममेटनं उशी फेकून मारली. हार्ड डिस्क त्याचीच होती, त्यामुळे मुकाट्यानं ऐकून घेतलं.

असा विनोद आठवड्याला एकदा, जाहिरातींच्या मधे पाहून कळायचा नाही. दोन भागांत तुम्हाला हसू आलं नाही यात तुमची चूक नाही. मीही तिसऱ्या भागानंतर बंद करून ठेवली होती, महिनाभरानं परत लावली.

आता स्टीव्ह करेलविषयी. तो प्रश्न वेगळा आहे आणि लेखात मी त्याची सरमिसळ केली, ही माझी चूक. ‘द ऑफिस’ला मालिका म्हणून 2006 मध्येच एमी मिळालं होतं, त्यामुळे मालिका जगवायचा प्रश्नच नव्हता. मला खटकतं ते एवढंच, की 2006 ते 2011 अशी सलग सहा वर्षं माणूस नामांकनात आणि हात रिकामे. 2007 मध्ये तर थट्टाच झाली. पुरस्कार रिकी जर्व्हेजला, म्हणजे मूळ ब्रिटिश ‘ऑफिस’वाल्याला, पण ‘एक्स्ट्राज’ या दुसऱ्याच मालिकेसाठी. तो समारंभाला आला नव्हता. मग पुरस्कार द्यायला आलेल्या जॉन स्ट्यूअर्ट आणि स्टीफन कोलबेर या विनोदवीरांनी ‘हा आमच्या मित्राला देतो’ म्हणत करेललाच वर बोलावलं. तिघं एकमेकांना मिठी मारून उड्या मारत होते. पुढच्या वर्षी जर्व्हेजनं भर समारंभात, खुर्चीत बसलेल्या करेलकडून ती बाहुली परत मागून घेतली!

तेव्हा नटाला परीक्षकांसाठी आपला एकच भाग निवडून द्यावा लागायचा. 2011 मध्ये करेलनं ‘गुडबाय, मायकल’ दिला. मायकल म्हणजे मालिकेतला त्याचा बॉस, आणि मालिका अशी की जणू ऑफिसवर माहितीपट चित्रित होतोय. विमानतळावर तो अंगावरचा माइक काढून देतो, नंतर ऑफिसातली पॅम धावत येऊन त्याला बिलगते आणि तो तिला काय म्हणाला हे आपल्याला ऐकूच येत नाही. सात सीझन बडबडणारा माणूस शेवटी असा निःशब्द होतो. पण त्या शांततेचं वजन कळायला आधीची सगळी बडबड ऐकलेली असावी लागते. त्या वर्षीचं एमी जिम पार्सन्सला मिळालं. तोही उत्तम नट, तक्रार नाही. बरं, थोडी आहे.

‘कम्युनिटी’ या आणखी एका विनोदी मालिकेला एकही एमी मिळालं नाही असं मी ठोकून दिलं होतं. तुम्ही तिथेही पकडलंत. नाताळच्या स्टॉप-मोशन (बाहुल्या किंचित हलवत एकेक चित्र टिपून केलेल्या) भागाला 2011 मध्ये अ‍ॅनिमेशनसाठी एक मिळालं आहे. लेखातली ओळ आज सकाळी दुरुस्त केली.

आणि तो बाक पाहायचा असेल तर भागाचं नाव ‘आउट ऑन अ लिंब’. पण थेट तिथे उडी मारू नका.