ईश्वरसाक्ष

आज कोर्टात मी एकच वाक्य खोटं बोलले, आणि ते म्हणजे शपथ. त्यानंतरचं सगळं खरं सांगितलं.

झालं असं की दोन वर्षांपूर्वी आमच्या कोपऱ्यावर एका टेम्पोने स्कूटरवरच्या मुलाला उडवलं, तेव्हा मी समोरच्या हातगाडीवर कोथिंबीर निवडत होते. सगळे पांगले, मी पोलिसांना नाव दिलं. आज त्याचं समन्स होतं. अकराला बोलावलं, पुकारा झाला साडेतीनला. पिंजऱ्यात उभी राहिले तर शपथ देणाऱ्या बाई म्हणाल्या, "म्हणा, ईश्वरसाक्ष खरं सांगेन, खोटं सांगणार नाही." मी म्हटलं, "ईश्वरसाक्ष नको. गांभीर्यपूर्वक सांगते म्हणते. कायद्यात तशी सोय आहे." बाई माझ्याकडे अशा बघायला लागल्या, जशी मी वरणात साखरेऐवजी मिरची मागितली असावी.

आरोपीचे वकील हसले. म्हणाले, "देव मानत नाहीत, म्हणजे खोटं बोलायला मोकळ्याच की मॅडम." मागच्या बाकांवर खसखस पिकली. जजसाहेबांचं डोकं फायलीत. वर न बघता म्हणाले, "आजी, घ्या पटकन, बोर्ड मोठा आहे."

आजी! एकोणसाठ वर्षांची आहे मी.

आणि मी घेतली. ईश्वरसाक्ष. घशात अडकलं, तरी घेतली.

रिक्षात बसल्यापासून तो इंग्रज नास्तिक चार्ल्स ब्रॅडलॉ डोक्यातून जात नाहीये. आमचे अण्णा लाइट गेली की या माणसाची गोष्ट सांगायचे, आमच्या घरात भुताच्या गोष्टींऐवजी ही असायची. १८३३ साली लंडनच्या हॉक्स्टनमध्ये एका वकिलाच्या कारकुनाच्या घरी जन्म. पोरगा चर्चच्या रविवारच्या शाळेत शिकवायचा. बायबल आणि चर्चची कलमं एकमेकांशी जुळत नाहीत, असं त्याने पाद्र्याला विचारलं. विचारलं फक्त! पाद्र्याने शाळेतून काढलं, पुढे घरही सुटलं. मग सैन्यात भरती, आयर्लंडमध्ये काही वर्षं, परत येऊन वकिलाकडे कारकुनी, आणि रात्री व्याख्यानं.

त्या वकिलसाहेबांना कोणीतरी सांगा, तुमचा विनोद दीडशे वर्षं शिळा आहे. ब्रॅडलॉच्या पैशांच्या एका दाव्यात त्याची साक्षच घ्यायला नकार मिळाला होता. कारण हेच. देव मानत नाही, मग याच्या शपथेला किंमत काय? म्हणजे गंमत बघा. ज्याला खोटं बोलायचंच आहे तो बिनदिक्कत पुस्तकावर हात ठेवून खोटं बोलणार आणि त्याची साक्ष चालणार. जो प्रामाणिकपणे म्हणतो की बाबांनो, मी देव मानत नाही, त्याची चालणार नाही. खरं बोलल्याची शिक्षा! तिकडे १८६९ मध्ये तो कायदा बदलला. आपल्याकडेही कायदा कधीचा सरळ आहे. खसखस तेवढी तशीच आहे.

तर १८८० मध्ये तो नॉर्थॅम्प्टनमधून खासदार झाला. चांभारांचं, बूट शिवणाऱ्यांचं गाव. आधी तीनदा पडला होता. निवडून आल्यावर म्हणाला, मी देवाच्या शपथेऐवजी नुसती प्रतिज्ञा करतो. सभागृहातले नाही म्हणाले. बरं, मग शपथ घेतो. तर तेही नाही म्हणाले! तुझा देवावर विश्वास नाही, तुझी शपथ खोटी. पुढे टाकलं पाऊल तरी फटका, मागे घेतलं तरी फटका. चर्चिलच्या बापाने, लॉर्ड रँडॉल्फने, सभागृहात त्याची पुस्तिका जमिनीवर टाकून पायाने तुडवली. मग ब्रॅडलॉला उचलून घड्याळाच्या मनोऱ्यात डांबलं, तोच तो बिग बेनचा मनोरा, ज्याच्यापुढे आपले लोक सेल्फी काढतात.

हां, आता मान्य करते, प्रतिज्ञा नाकारली तेव्हा 'शपथ घेतो' म्हणायला नको होतं त्याने. त्याचे विरोधक आयुष्यभर त्यावरून त्याला ढोंगी म्हणाले. पण आज दुपारी साडेतीनपासून मला त्यावर बोलायचा काही अधिकार उरलेला नाही.

फरक एवढाच की तो परत गेला. जागा रिकामी केली की नॉर्थॅम्प्टनचे लोक त्याला पुन्हा निवडून द्यायचे. १८८१, १८८२, १८८४. तीन पोटनिवडणुका! ३ ऑगस्ट १८८१ ला तो दारात आला, तर पोलिसांनी आणि चपराशांनी त्याला जिन्यावरून फरफटत बाहेर काढलं. आडदांड माणूस, कोट फाटला. बाहेर त्याच्या बाजूचे हजारो लोक जमले होते. एक शब्द टाकला असता तर दंगल झाली असती. टाकला नाही. पुढच्या वर्षी सरळ आत चालत गेला, खिशातून स्वतःचं बायबल काढलं आणि स्वतःच स्वतःला शपथ दिली. अण्णा हे सांगताना उभे राहून करून दाखवायचे, हातात रॉकेलचा कंदील, आणि आई म्हणायची, "अहो, काच फुटेल."

१८८३ मध्ये प्रतिज्ञेचं विधेयक आलं. ग्लॅडस्टन पंतप्रधान. कट्टर धार्मिक माणूस, पण ब्रॅडलॉच्या हक्कासाठी जीव तोडून बोलला. श्रद्धा असलेल्या माझ्या मित्रमैत्रिणींनो, मी तुमच्यावर चिडलेली नाही, हे यासाठी लिहितेय. २८९ विरुद्ध २९२. तीन मतांनी पडलं! शेवटी १८८६ मध्ये नव्या सभापतींनी, पील नाव त्यांचं, कोणाचं न ऐकता त्याला शपथ घेऊ दिली. १८८८ मध्ये त्याने स्वतः कायदा करून घेतला, की ज्याला हवं त्याने शपथेऐवजी प्रतिज्ञा करावी. म्हणजे आज मी पिंजऱ्यात 'कायद्यात सोय आहे' म्हणाले, तसल्याच सोयीसाठी या माणसाने कोट फाडून घेतला. आणि मी 'आजी' ऐकून गप्प बसले.

सगळंच काही पटत नाही मला त्याचं. कामगारांच्या आठ तासांच्या कायद्याला त्याचा विरोध होता, तिथे तो चुकलाच.

पण आपल्यासाठी काय केलं ते बघा. पार्लमेंटात हिंदुस्थानचे प्रश्न इतके उचलायचा की लोक त्याला 'हिंदुस्थानचा खासदार' म्हणायचे. १८८९ मध्ये जिवावरच्या आजारातून उठला, हवापालट म्हणून बोटीत बसला आणि आला कुठे, तर मुंबईत, काँग्रेसच्या अधिवेशनाला. १८८९ सालच्या त्या अधिवेशनाला प्रतिनिधीही बरोबर १८८९! टिळक आणि गोखले दोघेही तिथे होते. आणि त्याच सुमाराला पुण्यात आगरकर 'सुधारक' चालवत होते. त्यांची जिवंतपणी प्रेतयात्रा काढली होती, ते आपल्याला शाळेत शिकवतात, आणि मग वर्गाबाहेर आलो की विसरायला लावतात.

आता जे लिहितेय ते लिहिताना राग कुठेतरी गेलाय माझा. जानेवारी १८९१. ब्रॅडलॉ अंथरुणावर, शेवटचे दिवस. २७ तारखेला पार्लमेंटने ठरवलं की त्याला बाहेर ठेवल्याचा १८८० चा ठराव दप्तरातून खोडून टाकायचा. साडेदहा वर्षांनी चूक कबूल केली. त्याला ते कळलंच नाही. ३० तारखेला गेला. आणि त्याच्या मुलीने, हायपेशियाने, काय केलं माहितीये? शुश्रूषा करणाऱ्यांकडून लेखी घेतलं, सहीनिशी, की शेवटच्या दिवसांत तो धर्माबद्दल काही बोलला नाही. तिला माहीत होतं, लोक म्हणणार, मरताना देवाचं नाव घेतलंच शेवटी. म्हणजे मेल्यावरसुद्धा त्याच्या बाजूने साक्षीदार लागले.

अंत्यविधीला एकवीस वर्षांचा एक हिंदी विद्यार्थी गेला होता. मोहनदास गांधी. नास्तिकपणाचं वाळवंट आपण तोवर ओलांडलं होतं, असं त्यांनी आत्मचरित्रात लिहिलंय. तरी गेले होते.

आज घरी आले तर ह्यांनी चहा टाकला होता. सगळं सांगितलं. ते शांतपणे म्हणाले, "अगं, एक शब्द तर होता. मुलाच्या पायात अजून सळई आहे, ते महत्त्वाचं की तुझा शब्द?" बरोबर आहे. तो मुलगा मागच्या बाकावर बसला होता, कुबडी भिंतीला टेकवून. खसखस पिकली तेव्हा तो एकटा हसला नव्हता. साक्ष खरी दिली मी, टेम्पो चुकीच्या बाजूने आला होता, नंबरही सांगितला.

आज फक्त सरतपास झाला, म्हणजे सरकारी वकिलांचे प्रश्न. उलटतपास पुढच्या महिन्यात, वकील तेच. पुन्हा पिंजऱ्यात उभं राहायचं, म्हणजे शपथ पुन्हा होणार.

कपाटातून अण्णांचा जुना कोट काढून ठेवलाय. थंडी असते त्या कोर्टात.