आता तरी विषय संपवा की, म्हणे!

आज 13 मे 2023, कर्नाटक विधानसभेचा निकाल. दुपारी आम्हाला बेळगावला पुण्याहून आत्तेभावाचा फोन. "काय गं, तुमच्या समितीचा परत भोपळा? आता तरी विषय संपवा की." आणि वर हसला. समिती म्हणजे आमची महाराष्ट्र एकीकरण समिती, इथला मराठी सीमाभाग कर्नाटकातून महाराष्ट्रात जावा म्हणून लढणारी. बाबा समोरच टीव्हीपुढं बसले होते म्हणून मी गप्प बसले. आता सगळे झोपलेत, आता बोलते.

आमच्या घरी बोर्नव्हिटाचा एक जुना डबा आहे. त्यात गुलाल आहे, 2013 चा. त्या मे महिन्यात बेळगाव दक्षिणमधून संभाजी पाटील आणि खानापुरातून अरविंद पाटील असे समितीचे दोन आमदार आले होते. बाबा रात्री अकराला मिरवणुकीतून आले ते दातांपर्यंत लाल. आईनं त्यांना पुढच्या दारानं घेतलंच नाही, मागं मोरीत नेलं. आठ दिवस मोरी गुलाबी होती. उरलेला पावशेर गुलाल बाबांनी डब्यात भरून माळ्यावर ठेवला. "पुढच्या वेळी लागंल की."

2018 ला डबा खाली आला. समितीत दोन गट, एकमेकांविरुद्ध उमेदवार. शून्य. डबा वर.

आज सकाळी सातलाच बाबांनी डबा काढून टीव्हीशेजारी ठेवला होता. यंदा पाच ठिकाणी समितीचा एकेकच उमेदवार होता ना! दहापर्यंत बरे होते. मग नुसतेच बघत बसले. दक्षिणमध्ये आमच्या कोंडुसकरांना 64 हजारांवर मतं पडली तरी भाजपचे अभय पाटील 12 हजारांच्या फरकानं पुढं. ग्रामीणला हेब्बाळकर, उत्तरेत राजू सेठ, दोघं पण काँग्रेसचे. खानापुरात भाजपचे हलगेकर 50 हजारांहून जास्त मतांनी. ज्या खानापुरानं दहा वर्षांपूर्वी समितीचा आमदार दिला, तिथं लढत धरायला पण आपण नाही. जिल्ह्यात 18 पैकी काँग्रेस 11, भाजप 7. कर्नाटकात काँग्रेसचे 135 आले म्हणून बाहेर फटाके. बाबांनी टीव्हीचा आवाज कमी केला, बंद नाही केला.

आणि नेमका तेव्हा ह्याचा फोन!

अरे बाबा, तू कोणत्या तोंडानं बोलतोस? गेल्या डिसेंबरात तुमच्या विधिमंडळानं कर्नाटकातली 865 मराठी गावं महाराष्ट्रात यावीत म्हणून एकमतानं ठराव केला. त्याच महिन्यात तुमचे दोन मंत्री बेळगावला येणार येणार म्हणून गाजावाजा, आले का? आणि मतं मागायच्या वेळी तुमचे उपमुख्यमंत्री फडणवीस बरोबर आले. कुणासाठी? समितीच्या विरोधात उभ्या असलेल्या भाजपसाठी! ठराव आमच्या बाजूनं आणि सभा आमच्या विरुद्ध. संजय राऊत समितीसाठी येऊन गेले, तेवढं खरं. पण सुप्रीम कोर्टात 2004 पासून सीमेचा दावा पडलाय, त्याचं पुढं काय झालं हे कधी फोन करून विचारलंस? गणपतीला कुंदा पाठवा म्हणून तेवढा फोन येतोय.

समितीचं पण चुकलं, नाही असं नाही. गटारीचं, पाण्याचं बोलायला गेलं की आमच्या नेत्यांचा एकच सूर, आधी सीमाप्रश्न. 2021 ला महापालिका हातची गेली, 58 पैकी 35 भाजपचे, तेव्हाच जागं व्हायला पाहिजे होतं.

आणि आता लिहायलाच बसलेय तर हे पण लिहिते. माझ्या धाकट्या भावानं समितीला मत दिलेलं नाही. उद्यमबागेत फौंड्रीत आहे तो. बुधवारी मतदानाला जाताना मला म्हणाला, "अक्का, भाषेनं पगार वाढतोय काय?" मी भांडले. पण शेताचा उतारा कन्नडात येतो तो बाबांना हाच वाचून दाखवतोय, गेली सहा-सात वर्षं, एकदाही न कुरकुरता. तो काय मराठी नाही झाला? समितीला पडलेली मतं मोजून इथं मराठी माणसं किती राहिली ते ठरवणाऱ्यांनी आमच्या गल्लीत येऊन एक संध्याकाळ बसावं. भांडण कुठल्या भाषेत चालतंय ते ऐकावं फक्त.

बाबांना त्याच्या मताचं ठाऊक नाही. की असेल, कुणास ठाऊक.

संध्याकाळी बाबांनी डबा उघडून बघितला. गुलालाचा दगड झालाय. बोटानं टोकरून बघितला, बोट तेवढं लाल झालं, लेंग्याला पुसलं. मग स्टूल आणलं. बहात्तर वर्षांचा माणूस स्टुलावर चढायला लागला तसा भाऊ उठला. "सरका बाबा, मी ठेवतो." तो वर चढला, बाबांनी खालून स्टूल धरलं. दोघं पण काही बोलले नाहीत.

आई आतून ओरडली, "तो डबा वर ठेवू नका, सांडगे घालायला पाहिजे मला!"

भावानं ठेवलाच.