पंधराशे शिष्य, सहा इंची नखं आणि आपलं आमेन

आपण प्रभूकडे कसे वळलो याची साक्ष देणारा जितका मोठा पापी तितकं आमेन जोरात, हे आपल्या ख्रिस्ती मंडळ्यांमध्ये वर्षानुवर्षं चाललंय. दारू सुटली, बायकोला मारायचं बंद झालं, एवढ्यावर आता कोणी मानसुद्धा वर करत नाही. पण स्टेजवरचा पाहुणा "मी सैतानाचा पुजारी होतो" म्हणाला की मागच्या बाकावर डुलक्या काढणारेपण ताठ बसतात. वाल्याचा वाल्मिकी आपल्याला आवडतोच, ख्रिस्ती असलो म्हणून काय झालं!

म्हणून माइक वार्न्के या माणसाबद्दल लिहावंसं वाटलं. अमेरिकेतला, कॅलिफोर्नियाचा. १९७२ साली त्याचं 'द सेटन सेलर' हे आत्मचरित्र आलं आणि धो धो खपलं. त्यात काय, तर कॉलेजात असताना हा सॅन बर्नार्डिनोच्या बाजूला सैतानपूजकांचा मुख्य पुरोहित, हाताखाली पंधराशे लोक, ड्रग्ज, रात्रीचे विधी, सगळं. पुढे नेव्हीत गेला, तिथे तारण झालं म्हणजे येशूकडे वळला, मग ख्रिस्ती कॉमेडियन म्हणून कॅसेटी, दौरे, हाउसफुल्ल हॉल. स्टेजवर सांगायचा की कमरेखाली केस होते, नखं सहा सहा इंच, वजन ११० पौंड.

आता नुसतं नखांचंच बघा. नख महिन्याला साधारण साडेतीन मिलिमीटर वाढतं, म्हणजे सहा इंचाला साडेतीन वर्षं पाहिजेत, आणि पठ्ठ्याने शाळा संपवली जून १९६५ ला, नेव्हीत भरती झाला जून १९६६ ला. मधल्या एका वर्षात कॉलेज, व्यसन, पंधराशे शिष्य आणि वर ही नखं?? बोटं मोजून कळणारी गोष्ट, पण वीस वर्षं कोणी मोजलीच नाहीत.

मोजली ती शेवटी ख्रिस्ती लोकांनीच, आणि हे मला फार महत्त्वाचं वाटतं. शिकागोच्या जीझस पीपल यूएसए या मंडळीचं 'कॉर्नरस्टोन' मासिक, त्यातल्या जॉन ट्रॉट आणि माइक हर्टेनस्टाइन यांनी त्याचे जुने मित्र, नातेवाईक, तेव्हा जिच्याशी लग्न ठरलं होतं ती मुलगी, अशा शंभरावर लोकांना गाठलं. त्या काळातले फोटो निघाले, त्यात आखूड केसांचा अगदी साधा सरळ पोरगा. खुनी टोळीचा कुप्रसिद्ध म्होरक्या चार्ल्स मॅन्सन १९६६ मध्ये एका विधीला भेटला म्हणायचा, तर मॅन्सन तेव्हा जेलमध्ये, सुटला मार्च १९६७ ला. १९९२ ला हे सगळं छापून आलं, रेकॉर्ड कंपनीने हात झटकले, त्याची संस्था बंद पडली. गडी म्हणाला बरं, पंधराशे नाही, तेरा होते. एवढी सूट तर दिवाळी सेललापण मिळत नाही.

कोणी म्हणेल, जाऊ दे ना, त्याच्यामुळे लोक प्रभूकडे वळले ना. मला हे अजिबात पटत नाही. याच माणसाला १९८५ मध्ये एबीसी या अमेरिकन टीव्ही चॅनेलच्या '२०/२०' कार्यक्रमात सैतानपंथाचा जाणकार म्हणून दाखवलं, आणि तो काळ कसला, तर कॅलिफोर्नियातल्या मॅकमार्टिन बालवाडीच्या लोकांवर पोरांना सैतानी विधीत वापरल्याचे आरोप होते. ते प्रकरण सात वर्षं चाललं. शिक्षा एकालाही झाली नाही, पण एक जण पाच वर्षं जेलात सडला. ती केस वार्न्केने उभी केली नव्हती हे खरं, पण असलं काहीही ऐकलं की खरंच असणार म्हणून मान डोलवायची सवय लोकांना कोणी लावली? त्या पाच वर्षांपुढे किती आमेन ठेवायचे?

आणि हा एकटा नाही. लॉरेन स्ट्रॅटफर्ड नावाच्या बाईने सैतानपंथीयांनी केलेल्या छळाचं पुस्तक लिहिलं, 'कॉर्नरस्टोन'नेच १९८९ ला ते खोटं असल्याचं दाखवलं, प्रकाशकाने पुस्तक मागे घेतलं. बाई गप्प बसली असेल म्हणता? नाव बदलून लॉरा ग्रॅबोव्स्की झाली आणि आपण ऑशविट्झमधून वाचलेली ज्यू मुलगी आहोत असं सांगत फिरायला लागली. तिथेपण लोक रडले, तिथेपण पैसे दिले, आणि १९९९ मध्ये तिला परत उघडं पाडलं ते याच मासिकाने.