‘उशिरा कळलेल्या बातमीचा सण’? – एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

जूनटीन्थवरच्या, म्हणजे गुलामीच्या अंताची आठवण म्हणून अमेरिकेत १९ जूनला पाळल्या जाणाऱ्या दिवसावरच्या माझ्या लेखावर तुम्ही सविस्तर आणि रोखठोक प्रतिक्रिया दिलीत, त्याबद्दल आभार. चार ओळींत उत्तर देऊन भागणार नाही, म्हणून स्वतंत्रपणे लिहिते आहे. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: लिंकनने १ जानेवारी १८६३ लाच गुलामांच्या मुक्तीचा जाहीरनामा काढला होता, टेक्सासच्या लोकांना ते अडीच वर्षांनी कळलं, मग उशिरा पोहोचलेल्या बातमीची राष्ट्रीय सुट्टी कसली, कायद्याचीच तारीख का नको? दुसरं, स्वातंत्र्य दिलं गोऱ्या सत्ताधाऱ्यांनीच, तेव्हा हा उत्सव म्हणजे उपकारांची आठवण. आणि शेवटी, मराठी वाचकाचा याच्याशी संबंध काय?

बातमी उशिरा पोहोचली हा समज फार पसरलेला आहे, पण तो खरा नाही. टेक्सासात वर्तमानपत्रं निघत होती आणि जाहीरनाम्याबद्दल त्यांत छापून येत होतं. मालकांना सगळं ठाऊक होतं. गुलामांपैकीही कितीतरी जणांच्या कानावर ते गेलं होतं. पण गुलामी टिकवू पाहणारी दक्षिणेतली राज्यं, त्यांतच टेक्सास, आणि उत्तर यांच्यात यादवी युद्ध चालू होतं, आणि उत्तरेचं सैन्य जिथवर पोहोचेल तिथवरच त्या कागदाला अर्थ होता. टेक्सास लांब पडलं. इतकं लांब, की लुइझियानासारख्या राज्यांतले मळेवाले आपले गुलाम हाकत टेक्सासात येऊन राहिले, जाहीरनाम्यामुळे ते हातचे जाऊ नयेत म्हणून! ज्याला बातमीच ठाऊक नाही, तो असा बिऱ्हाड उचलून पळेल का?

१९ जून १८६५ ला उत्तरेचा जनरल गॉर्डन ग्रेंजर फौज घेऊन गॅल्व्हेस्टन बंदरात होता आणि त्याच्या नावाने ‘सामान्य आदेश क्रमांक ३’ निघाला. त्या दिवशी नवीन आली ती अंमलबजावणी. टेक्सासात तेव्हा सुमारे अडीच लाख माणसं गुलामीत होती. तो आदेश मुळातून वाचण्यासारखा आहे, जेमतेम चार वाक्यांचा. पहिलं वाक्य सांगतं, सगळे गुलाम मुक्त आहेत. दुसरं त्याहून पुढे जातं: पूर्वीचा मालक आणि पूर्वीचा गुलाम यांचे व्यक्ती म्हणून आणि मालमत्तेबाबतचे हक्क पूर्णपणे समान आहेत, आणि यापुढे त्यांचं नातं मालक आणि पगारी मजूर एवढंच. मग सूर बदलतो. मुक्त झालेल्यांनी आहे त्याच घरी शांतपणे राहावं आणि मजुरी करावी, लष्करी ठाण्यांवर गर्दी करू नये, रिकामं बसणाऱ्यांना पोसलं जाणार नाही. आयुष्यभर फुकट राबवून घेतलेल्या माणसांना त्यांच्या मुक्तीच्या कागदावर आळसाबद्दल तंबी द्यावी, याचा मला आजही संताप येतो. आणि त्यानंतरही अनेक मालकांनी शेतातलं पीक हाती येईपर्यंत आपल्या माणसांना काही सांगितलंच नाही.

आता ही तारीख निवडली कोणी ते पाहा. सरकारने नाही. १८६६ पासून टेक्सासातल्या मुक्त झालेल्या लोकांनी स्वतःच हा दिवस पाळायला सुरुवात केली. प्रार्थना, जाहीरनाम्याचं वाचन, पंगती. जमायला सार्वजनिक जागा मिळेनात, तेव्हा १८७२ मध्ये ह्यूस्टनमधल्या कृष्णवर्णीयांनी वर्गणी काढून दहा एकर जमीन विकत घेतली. पुढाकार घेणारे चौघं स्वतः गुलामीतून सुटलेले होते. तो इमॅन्सिपेशन पार्क आजही तिथे आहे. टेक्सास राज्याची अधिकृत सुट्टी व्हायला १९८० उजाडलं आणि देशाची व्हायला १७ जून २०२१. म्हणजे शंभराहून अधिक वर्षं लोकांनी हा दिवस सरकारच्या मदतीशिवाय चालवला.

ओपल ली या बाईंचं नाव तुमच्या वाचनात आलं असेल. १९ जून १९३९ ला, त्या बारा वर्षांच्या असताना, फोर्ट वर्थमध्ये गोऱ्यांच्या जमावाने त्यांच्या कुटुंबाचं नवं घर जाळलं. नेमकी तीच तारीख. २०१६ मध्ये, वयाच्या ८९ व्या वर्षी, सुट्टीच्या मागणीसाठी त्या फोर्ट वर्थहून वॉशिंग्टनच्या दिशेने निघाल्या आणि ठिकठिकाणी रोज अडीच मैल चालल्या, अडीच वर्षांच्या हिशेबाने. या बाई उशिरा आलेल्या बातमीचा आनंद मानत होत्या असं म्हणवत नाही.

तुम्ही सुचवता तशी कायद्याची तारीखच धरायची, तर तेराव्या घटनादुरुस्तीला पुरेशा राज्यांची मान्यता मिळाली तो ६ डिसेंबर १८६५ हा दिवस घ्यावा लागेल. लिंकनचा जाहीरनामा लागू नसलेल्या केंटकी आणि डेलावेअर या राज्यांत गुलामी तोवर कायदेशीरच होती. शिवाय गुन्ह्याची शिक्षा म्हणून सक्तीची मजुरी त्या दुरुस्तीनेही चालू ठेवली आणि पुढे दक्षिणेत कैद्यांना मळ्यांवर, खाणींत भाड्याने देण्याचा धंदाच उभा राहिला. निखळ अशी तारीख त्या इतिहासात नाहीच.

उपकाराच्या मुद्द्यावर मात्र तुमचं अर्धं म्हणणं मला पटतं, आणि ते ब्राझीलला तंतोतंत लागू पडतं. तिथे १३ मे १८८८ ला राजकन्या इझाबेलच्या सहीने गुलामी संपली, अमेरिका खंडांत सगळ्यांत शेवटी. सुटलेल्यांना ना जमीन मिळाली ना पैसा. कौतुक झालं ते सहीचं. म्हणून १९७१ मध्ये पोर्तू अलेग्रीतल्या कृष्णवर्णीय कार्यकर्त्यांनी दुसरी तारीख पुढे आणली: २० नोव्हेंबर. पळालेल्या गुलामांनी वसवलेल्या पाल्मारेसचा शेवटचा नेता झुंबी १६९५ मध्ये याच दिवशी मारला गेला. २०२४ पासून तिथे ही देशभराची सुट्टी आहे. उपकाराचा दिवस लोकांनी असा बाजूला सारला.

जमैकात तर १८३१ च्या नाताळात सॅम्युअल शार्पच्या पुढाकाराने हजारो गुलामांनी बंड केलं. शार्पला मे १८३२ मध्ये फाशी दिलं आणि पुढच्याच वर्षी ब्रिटिश संसदेने गुलामीबंदीचा कायदा केला. त्यात नुकसानभरपाई ठरली दोन कोटी पौंड, तीही मालकांना. त्यासाठी काढलेल्या कर्जाचा शेवटचा हिस्सा ब्रिटिश करदात्यांनी २०१५ मध्ये फेडला. गुलामांना मिळाली ‘उमेदवारी’, म्हणजे १ ऑगस्ट १८३४ ला मुक्त म्हणवून घ्यायचं आणि त्याच मालकाकडे बिनपगारी राबत राहायचं. खरी सुटका १ ऑगस्ट १८३८ ला झाली. आदल्या रात्री फालमथ गावात विल्यम निब या पाद्र्याच्या चर्चमध्ये लोक जमले. एका शवपेटीत त्यांनी साखळी, चाबूक आणि मानेत अडकवायचं लोखंडी कडं ठेवलं, आणि मध्यरात्र झाल्यावर ती पुरली. कुणी आभार मानण्यासाठी शवपेटी पुरत नाही.

आता संबंधाचं. मॉरिशसमध्ये १ फेब्रुवारीला गुलामीच्या अंताची सुट्टी असते आणि २ नोव्हेंबरला करारबद्ध मजुरांच्या आगमनाची. १ फेब्रुवारी १८३५ ला तिथल्या साठ हजारांहून अधिक गुलामांना मुक्त ठरवलं गेलं. मळेवाल्यांच्या हाती भरपाईचे वीस लाखांवर पौंड येणार होते, पण ऊस तोडायला माणसं हवी होती. ती हिंदुस्थानातून नेली गेली, त्यांत मुंबई बंदरातून बोटीत चढलेली कोकणातली मराठी माणसंही होती. त्यांचे वंशज आज तिथे आहेत, गणेश चतुर्थीलाही तिथे सार्वजनिक सुट्टी असते. मॉरिशसच्या मराठी माणसाला १ फेब्रुवारी परकी नाही. आपले खापरपणजोबा कुणाच्या रिकाम्या झालेल्या जागी राबायला आले, हे त्या तारखेशिवाय त्याला सांगताच येणार नाही.

आणि इथलं काय? ब्रिटिशांच्या १८३३ च्या कायद्यातून ईस्ट इंडिया कंपनीचा मुलूख वगळलेला होता. हिंदुस्थानात १८४३ च्या कायद्याने एवढंच ठरलं, की न्यायालयांनी गुलामीचा हक्क मान्य करायचा नाही. गुलामांची खरेदी-विक्री गुन्हा झाली ती १८६० च्या दंडविधानाने. आपल्याकडे गुलामी नव्हती असं म्हणण्याची सोय नाही. पेशवेकालीन कागदपत्रांत कुणबिणींच्या, म्हणजे गुलाम बायकांच्या, खरेदी-विक्रीच्या नोंदी आहेत, किमतीसकट. त्या बायका मोकळ्या झाल्या त्याची तारीख मात्र आपल्या कॅलेंडरवर नाही, कारण ती धरून ठेवणारं, वर्गणी काढून जमीन घेणारं कुणी त्यांच्यामागे उरलं नाही. टेक्सासच्या लोकांनी जे केलं ते मला म्हणूनच मोठं वाटतं, आणि म्हणूनच ते मराठीत लिहावंसं वाटलं.

ब्राझीलच्या दोन तारखांवर सविस्तर लिहायला घेतलं आहे. उपकाराचा तुमचा मुद्दा तिथे पुन्हा येईल, तेव्हा जरूर वाचा आणि पटलं नाही तर असंच लिहा.